साठच्या दशकातली धूळ

माळ्यावरून टेपरेकॉर्डर खाली काढला. झाकणावर बोटाने नाव लिहावं इतकी धूळ. फडकं हातात घेतलं आणि नेहमीप्रमाणे ली मेव्हर्स आठवला.

मेव्हर्स म्हणजे लिव्हरपूलच्या 'द लाझ' या बँडचा गायक आणि गीतकार. त्याची एक आख्यायिका आहे. स्टुडिओत जुन्या जमान्यातलं मिक्सिंग डेस्क, म्हणजे वेगवेगळे आवाज एकत्र जुळवायचं यंत्र, आणलं होतं. स्वारीने ते पाहिलं आणि नापास केलं. कारण? त्यावर साठच्या दशकातली अस्सल धूळ नव्हती! यात मीठमसाला किती ते सोडा, पण माणूस असं म्हणेल यावर मात्र कुणाचाही विश्वास बसतो.

लिव्हरपूलकडे 'ला' म्हणजे आपलं 'गड्या', 'पोरा'. शिवाय तो पाश्चात्त्य संगीतातला सूरही आहे, सा-रे-ग-मच्या हिशेबात धैवत. माइक बॅजरने १९८३ मध्ये बँड सुरू केला, पुढच्या वर्षी मेव्हर्स आला आणि १९८६ मध्ये बॅजरच बाहेर पडला. उंटाने तंबूत मान घालावी, तसंच काहीसं.

मग रेकॉर्डिंग सुरू झालं आणि संपेचना. जॉन लेकी झाले, माइक हेजेस झाले, निर्माते बदलत गेले, वादक बदलत गेले. गाणी तीच. आपल्याकडे तंबोरे लागता लागता श्रोते सतरंजीवर पेंगायला लागतात ना, तशी दोन-तीन वर्षं गेली. तंबोरा काही मनासारखा लागेना. शेवटी स्टीव्ह लिलीव्हाइटने जे होतं त्याची मोट बांधली आणि 'गो डिस्क्स' कंपनीने ऑक्टोबर १९९० मध्ये अल्बम बाजारात आणला. बारा गाणी, जेमतेम पस्तीस मिनिटं. समीक्षक खूश झाले. मेव्हर्स मात्र मुलाखतींमधून स्वतःच्याच अल्बमला नावं ठेवत सुटला. दुकानदारानेच गल्ल्यावर बसून गिऱ्हाइकाला 'घेऊ नका हो, माल खराब आहे' सांगावं, तसं!

आणि माल कसा? 'देअर शी गोज' ऐका. सुरुवातीला गिटारवर एक छोटीशी सुरावट येते, पागोळ्या गळाव्यात तशी टपटप. मग तो गायला लागतो आणि थोड्या वेळाने लक्षात येतं, अरे, याला अंतराच नाही! नुसतं ध्रुवपद, तेच ते परत, मध्ये एकदा चाल जरा वळण घेऊन येते, बस. अडीच-पावणेतीन मिनिटांत खेळ खलास. १९८८ मध्ये हे गाणं पहिल्यांदा आलं तेव्हा फारसं कुणी विचारलं नाही. १९९० मध्ये नव्याने आलं आणि ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत तेराव्या नंबरावर गेलं. पुढे १९९९ मध्ये एका अमेरिकन बँडने ते गाऊन त्याला तिकडे घरोघरी पोहोचवलं.

मी हेडफोन लावून किती वेळा या अल्बममधला दोष शोधलाय. सापडत नाही. मेव्हर्सला काय ऐकू येत होतं, जे आपल्याला येत नाही? की नव्हतं येत, तोच त्रास होता?

वर्षानुवर्षं तीच गाणी वाजवून विटलेला बेसवादक जॉन पॉवर १९९१ मध्ये निघून गेला. त्याने 'कास्ट' नावाचा बँड काढला आणि १९९५ मध्ये त्याचा पहिला अल्बम चांगला गाजलाही. मेव्हर्सने दुसरा अल्बम काढलाच नाही. २००५ मध्ये दोघं पुन्हा एकत्र येऊन इंग्लंडमधल्या ग्लॅस्टनबरीच्या संगीत महोत्सवात वाजवून गेले. वाजवलं काय? तीच गाणी.

कापसाला स्पिरिट लावून हेड पुसलं. बोळा तपकिरी निघाला. दुसरा घेतला, तो जरा फिका. कॅसेट घातली, खटका दाबला. आधी नुसती खरखर, मग त्या पागोळ्या, किंचित हेलकावत.

"अहो, वरची धूळ तशीच ठेवलीत!" आतून आवाज आला.

"राहू दे," म्हटलं, "पंच्याण्णव सालची आहे."