लिनिएजओएसवर गूगलच्या सेवा बसवताना

कस्टम रॉम, म्हणजे कंपनीच्या प्रणालीऐवजी बसवलेली लिनिएजओएससारखी बाहेरची अँड्रॉइड प्रणाली, टाकलेला फोन पहिल्यांदा सुरू झाला की त्यावर प्ले स्टोअर दिसत नाही, आणि नवख्या माणसाला वाटते की रॉम अर्धवटच बसला. प्रत्यक्षात तो पूर्ण बसलेला असतो. अँड्रॉइडचा जो भाग मुक्त आहे, म्हणजे ज्याला एओएसपी म्हणतात, तो अपाची परवान्याखाली कोणालाही घेता येतो, बदलता येतो आणि वाटता येतो. प्ले स्टोअर, प्ले सर्व्हिसेस, नकाशे, जीमेल ही मंडळी त्या मुक्त भागात कधीच नव्हती. ती गूगलची खासगी मालमत्ता आहे आणि गूगलशी करार करणाऱ्या फोन कंपन्यांनाच ती फोनमध्ये भरून विकण्याचा परवाना मिळतो. लिनिएजओएस हा स्वयंसेवकांचा प्रकल्प असल्यामुळे त्याच्यापाशी असा परवाना नाही.

या विभागणीला एक इतिहास आहे. लिनिएजओएसचा पूर्वज असलेल्या सायनोजेनमॉडमध्ये सुरुवातीला गूगलची ॲपे रॉमच्या फाइलीतच येत असत. २००९ च्या सप्टेंबरात गूगलने त्याचे निर्माते स्टीव्ह कॉन्डिक यांना हे वाटप थांबवण्याची कायदेशीर नोटीस पाठवली. तेव्हापासून रॉम एका फाइलीत आणि गूगलची ॲपे दुसऱ्या फाइलीत, अशी रीत पडली. त्या दुसऱ्या फाइलीला सगळे जण ‘जीॲप्स’ म्हणतात. २०१६ च्या डिसेंबरात सायनोजेनमॉड बंद पडून त्यातून लिनिएजओएस उभे राहिले, पण जीॲप्स मात्र वेगळे ते वेगळेच राहिले.

फक्त दुकान नसते तर फारसे बिघडले नसते, कारण ॲपे इतर मार्गांनीही मिळवता येतात. खरी अडचण प्ले सर्व्हिसेसची आहे. २०१२ मध्ये आलेला हा कार्यक्रम पडद्यावर दिसत नाही, पण इतर असंख्य ॲपे त्याच्या आधारावर उभी असतात. संदेश आल्याची सूचना फोनपर्यंत पोहोचवणे, वायफाय व टॉवरवरून ठावठिकाणा ठरवणे, ॲपच्या आत नकाशा काढून देणे, गूगल खात्याने प्रवेश देणे, फोन मूळ स्थितीत आहे की नाही याची साक्ष देणे, ही सगळी कामे तो करतो. तो नसला की टॅक्सीच्या ॲपमध्ये नकाशाच्या जागी कोरा चौकोन दिसतो, किंवा एखाद्या ॲपच्या सूचना दिवसभर गप्प राहून ते ॲप उघडल्यावर एकदम कोसळतात. काही ॲपे तर उघडतानाच ‘गूगल प्ले सर्व्हिसेसशिवाय हे ॲप चालणार नाही’ असा निरोप देऊन मोकळी होतात.

अशा वेळी सहज सुचणारा उपाय म्हणजे प्ले सर्व्हिसेसची एपीके फाइल कुठून तरी उतरवून साध्या ॲपसारखी बसवणे. त्याने काम भागत नाही. अँड्रॉइड काही अधिकार फक्त सिस्टिम विभाजनातल्या, म्हणजे साठवणीत प्रणालीसाठी राखलेल्या भागातल्या, ‘प्रिव्ह-ॲप’ या फोल्डरमध्ये बसलेल्या ॲपांनाच देते, आणि अँड्रॉइड ८ पासून तर अशा प्रत्येक ॲपला कोणते विशेष अधिकार द्यायचे याची यादीही सिस्टिममध्येच लिहून ठेवावी लागते. यादीत त्रुटी राहिली तर फोन सुरूच होत नाही, बोधचिन्ह फिरत राहते. म्हणजे जीॲप्सची फाइल ही नुसती ॲपांची गाठोडी नसते. ॲप कुठे ठेवायचे, त्याला काय मुभा द्यायची आणि पुढे रॉमचे अद्यतन आले तेव्हा ते कसे जपायचे, हे सगळे त्या झिप फाइलीत भरलेले असते, आणि म्हणून ती रिकव्हरीतूनच, म्हणजे मुख्य प्रणाली बाजूला ठेवून सुरू होणाऱ्या दुरुस्तीच्या छोट्या प्रणालीतूनच, चढवावी लागते.

फाइल निवडताना दोन गोष्टी जुळाव्या लागतात. पहिली अँड्रॉइडची आवृत्ती. इथे लिनिएजओएसचे क्रमांक गोंधळात टाकतात, कारण लिनिएजओएस २१ म्हणजे अँड्रॉइड १४ आणि लिनिएजओएस २२ म्हणजे अँड्रॉइड १५. जीॲप्स मात्र अँड्रॉइडच्या क्रमांकाने शोधायचे असतात. दुसरी गोष्ट प्रोसेसरची जात. गेल्या काही वर्षांतले जवळपास सगळे फोन ‘आर्म ६४’ असतात, पण काही जुन्या स्वस्त फोनांमध्ये ६४ बिटांचा प्रोसेसर असूनही कंपनीने ३२ बिटांचीच प्रणाली भरलेली असते, आणि त्यांचा रॉमही मग ‘आर्म’ असतो. शंका असल्यास लिनिएजओएसच्या विकीवर आपल्या फोनच्या पानावर ही माहिती पाहून घ्यावी.

कोणते पॅकेज घ्यावे याबद्दल माझे मत ठाम आहे: जितके लहान तितके बरे. एके काळी ओपन जीॲप्सचा बोलबाला होता आणि त्यात पिको, नॅनो, मायक्रोपासून सुपरपर्यंत आकार मिळत. हौसेने मोठा आकार घेणाऱ्यांना सिस्टिम विभाजनात जागा न उरल्यामुळे ‘एरर ७०’ हे उत्तर मिळत असे, आणि त्या क्रमांकाने पुष्कळांच्या नाकी नऊ आणले. लिनिएजओएसची विकी सध्या माइंड द जीॲप्स सुचवते. त्यात प्ले स्टोअर, प्ले सर्व्हिसेस आणि त्यांच्याबरोबर लागणारी मोजकीच ॲपे असतात. बाकीचे जे हवे ते नंतर प्ले स्टोअरवरून घेता येते आणि नकोसे झाले की काढूनही टाकता येते. सिस्टिममध्ये बसलेले ॲप असे सहज निघत नाही. मराठी लिहिणाऱ्यांना रोमन अक्षरांतून देवनागरी उमटवणारा किंवा बोललेले टिपणारा जीबोर्ड हवा असतो, पण तोही साध्या ॲपसारखा नंतर बसतो. त्यासाठी भले मोठे पॅकेज चढवण्याचे कारण नाही.

आता क्रमाविषयी, कारण बहुतेकांचे घोडे इथेच अडते. जीॲप्स चढवायचे असतील तर ते रॉम चढवल्यानंतर आणि फोन पहिल्यांदा सुरू होण्याच्या आधी चढवावे लागतात. ‘आधी रॉम चालतो का ते पाहू, मग जीॲप्सचे बघू’ हा विचार दिसायला शहाणपणाचा आहे, पण पहिल्याच सुरुवातीला प्रणाली आपली घडी बसवून घेते, कोणत्या ॲपाला कोणते अधिकार याची नोंद करते, आणि मागाहून आलेल्या प्ले सर्व्हिसेसला त्या घडीत नीट जागा मिळत नाही. मग ‘प्ले सर्व्हिसेस सारखे बंद पडत आहे’ अशी पाटी दर थोड्या वेळाने झळकत राहते. त्यावर फॅक्टरी रीसेट हाच खात्रीचा इलाज आहे, म्हणजे केलेली सगळी मांडामांड पुन्हा पहिल्यापासून.

प्रत्यक्ष कृती संगणकाला फोन जोडून करायची. लिनिएजच्या रिकव्हरीत आधी फॅक्टरी रीसेट, मग ‘अप्लाय अपडेट’ आणि ‘अप्लाय फ्रॉम एडीबी’ निवडून संगणकावरून एडीबी या फोनला आज्ञा देणाऱ्या साधनातल्या ‘साइडलोड’ या आज्ञेने रॉमची झिप पाठवायची. संगणकाच्या पडद्यावर टक्केवारी ४७ वर येऊन थांबते आणि कधी कधी त्याखाली एक त्रुटीचा निरोपही उमटतो. पाहणाऱ्याच्या पोटात गोळा येतो, पण हे नेहमीचे आहे. काम झाले की नाही ते फोनच्या पडद्यावर पाहावे, संगणकाच्या नव्हे. ४७ टक्क्यांवर घाबरून केबल उपटणे हा सगळ्यात वाईट पर्याय.

रॉम चढल्यावर लगेच जीॲप्स पाठवू नयेत. अलीकडच्या पुष्कळ फोनांमध्ये प्रणालीच्या दोन जागा असतात, ‘ए’ आणि ‘बी’. चालू रिकव्हरी एका जागेवर असते आणि नवा रॉम दुसऱ्या जागेवर बसतो. त्याच अवस्थेत जीॲप्स पाठवले तर ते जुन्या जागेत जाऊन पडतात आणि नव्या रॉममध्ये त्यांचा मागमूस नसतो. म्हणून मधे ‘ॲडव्हान्स्ड’मध्ये जाऊन ‘रीबूट टू रिकव्हरी’ करायचे, म्हणजे रिकव्हरी नव्या जागेवरून सुरू होते, आणि मग त्याच पद्धतीने जीॲप्सची झिप पाठवायची. या वेळी फाइलीवरच्या डिजिटल स्वाक्षरीची पडताळणी फसल्याचे सांगून ‘तरीही बसवायचे का’ असे विचारले जाते. जीॲप्सच्या फाइलीवर लिनिएजची स्वाक्षरी नसणारच, तेव्हा फाइल मूळ ठिकाणाहून घेतलेली असेल तर निःशंकपणे ‘हो’ म्हणावे. एरवी मात्र असा प्रश्न आला तर थांबून विचार करावा, कारण कुठल्या तरी टेलिग्राम गटावरून आलेल्या झिपलाही आपण याच उत्तराने सिस्टिमचे सगळे अधिकार देऊन बसतो.

एवढे झाल्यावर फोन सुरू केला की नेहमीचा स्वागताचा पडदा येतो आणि गूगल खाते मागितले जाते. काही वेळा ‘हे उपकरण प्रमाणित नाही’ असा निरोप येऊन प्रवेश नाकारला जातो. २०१८ पासून गूगलने अशी उपकरणे अडवायला सुरुवात केली, पण कस्टम रॉम वापरणाऱ्यांसाठी एक वाटही ठेवली: फोनचा जीएसएफ (गूगल सर्व्हिसेस फ्रेमवर्क) क्रमांक काढून तो गूगलच्या नोंदणीपानावर भरायचा, थोडा वेळ थांबायचे आणि फोन बंद करून पुन्हा सुरू करायचा.

या नोंदणीने दुकान उघडते, पण बँकेची आणि पैसे पाठवण्याची ॲपे चालतीलच असे नाही. ती ॲपे प्ले इंटिग्रिटी या यंत्रणेला फोनची खातरजमा करायला सांगू शकतात, आणि कस्टम रॉमसाठी बूटलोडरचे, म्हणजे प्रणाली सुरू करून देणाऱ्या कार्यक्रमाचे, कुलूप उघडलेला फोन तिच्या वरच्या पायऱ्यांवर नापास होतो. त्यावर तोडगे सांगणारे पुष्कळ आहेत, पण आज चाललेला तोडगा पुढच्या महिन्यात चालेल याचा भरवसा नसतो. ज्या फोनवर रोजचे यूपीआय व्यवहार होतात त्यावर हा उद्योग करू नये, असे मी विचारणाऱ्या प्रत्येकाला सांगतो. जुना, कंपनीने अद्यतने बंद केलेला दुसरा फोन यासाठी उत्तम.

गूगलची ॲपेच नको असतील तर मायक्रोजी हा वेगळा रस्ता आहे. प्ले सर्व्हिसेसची कामे करणारा हा मुक्त पर्याय आकाराने लहान आहे आणि सूचना, ठावठिकाणा, प्रवेश ही नेहमीची कामे बऱ्यापैकी निभावतो. आपणच प्ले सर्व्हिसेस आहोत असे इतर ॲपांना पटवण्यासाठी त्याला गूगलची स्वाक्षरी धारण करण्याची मुभा लागते. लिनिएजओएसने ती बरीच वर्षे नाकारली, म्हणून २०१७ मध्ये मायक्रोजीसहित असलेली वेगळी आवृत्ती निघाली. २०२४ मध्ये मूळ लिनिएजओएसनेही फक्त मायक्रोजीपुरती ही मुभा दिली. ग्राफीनओएस या दुसऱ्या एका कस्टम रॉमने तिसरीच युक्ती काढली. तिथे खऱ्याखुऱ्या प्ले सर्व्हिसेस बसतात, पण कोणतेही विशेष अधिकार नसलेल्या साध्या ॲपसारख्या. मला ही कल्पना सगळ्यात पटते, मात्र ती प्रणाली गूगलच्या पिक्सेल फोनांपुरतीच असल्याने आपल्याकडच्या बहुतेकांना तिचा उपयोग नाही.

बसवलेले जीॲप्स लिनिएजओएसच्या नेहमीच्या अद्यतनांत टिकून राहतात, कारण ‘ॲडऑन डॉट डी’ नावाच्या फोल्डरातली एक स्क्रिप्ट अद्यतनाच्या वेळी त्यांना बाजूला काढून परत जागेवर ठेवते. अँड्रॉइडची आवृत्तीच बदलणार असेल, म्हणजे २१ वरून २२ वर जायचे असेल, तर मात्र तिच्यावर विसंबू नये. नवा रॉम चढवून, रिकव्हरी पुन्हा सुरू करून, फोन चालू करण्याच्या आधी नव्या आवृत्तीचे जीॲप्स हाताने चढवावेत. आधी जीॲप्स नव्हतेच अशा फोनवर आवृत्ती बदलताना ते पहिल्यांदा घालण्याचा मोह झाला, तर माहितीची प्रत काढून ठेवून आधी फॅक्टरी रीसेट करावा.