एसीपी प्रद्युम्न आणि आमची काकू

शिवाजी साटम म्हटलं की सोलापुरात आमच्या काकूला फक्त 'सीआयडी' मालिकेतला एसीपी प्रद्युम्न आठवतो, बाकी नावगाव काही नाही. भाकरी थापता थापता एक डोळा टीव्हीवर, आणि त्यांनी हवेत बोटं फिरवली की ही स्वयंपाकघरातूनच ओरडणार, "खुनी तोच बघ, मी आधीच म्हणले होते."

गंमत म्हणजे हा माणूस आधी बँकेत कॅशियर होता, सेंट्रल बँकेत. नोकरी करत करत मराठी नाटकं, मग दूरदर्शनवर 'एक शून्य शून्य', तिथं पण पोलीसच आणि त्यामागं पण बी. पी. सिंगच, त्यांनीच पुढं सीआयडी काढली. १९९८ ला सुरू झालेली ती २०१८ पर्यंत चालली, म्हणजे वीस वर्षं एकच रोल, तेच ऑफिस, तेच दया-अभिजीत! दुसरा कोण असता तर कंटाळून पळाला असता बे.

मला विचाराल तर त्यांचा खरा दम १९९९ च्या 'वास्तव' मधे दिसतो, संजय दत्तचा बाप, साधा मध्यमवर्गीय, फार बोलत नाही पण चेहऱ्यावर सगळं कळतं. सीआयडीत एवढं करायला वावच नव्हता, तिथं डायलॉग ठरलेले. (लोक मात्र त्यावरच फिदा, मीम बघा की.)

डिसेंबर २०२४ ला सीआयडी परत आली, मग २०२५ च्या एप्रिलमधे चॅनलनं एसीपी मेला म्हणून पोस्ट टाकली. काकूनं त्या दिवशी चॅनलवाल्यांना अशा काय शिव्या घातल्या की इथं लिहिता येणार नाहीत.