कच्ची फाइल मागितली, तर म्हणे डिलीट केली

1989 मध्ये मुंबई दूरदर्शनवर लागलेलं एक नाटक बाबांनी शेजारच्यांचा व्हीसीआर आणून टेप केलं होतं. आम्हा तिघांना ते तोंडपाठ आहे. शेवटी पडदा पडल्यावर बातम्यांचे सात-आठ सेकंद येतात, कारण बाबांना बटण दाबायला उठायला उशीर झाला. आमच्या लेखी तेसुद्धा नाटकच.

गेल्या वर्षी ही कॅसेट एका दुकानात डिजिटल फाइल करायला दिली. ‘दहा दिवसांत 4के करून देतो’ म्हणाले आणि सात आठवडे लावले. मी पाच चकरा मारल्या. शेवटी पेन ड्राइव्ह मिळाला. घरी टीव्हीवर लावलं आणि दोन मिनिटांत बाबा म्हणाले, ‘‘अगं, हे आपलं नाही वाटत.’’

चेहरे मेणाचे झाले होते. नायिकेच्या नऊवारीचा काठ नुसता एक गुळगुळीत पट्टा. कुणी हात हलवला की तो अडखळत पुढे सरकायचा. सगळ्यात वाईट वाटलं ते श्रेयनामावलीचं. ‘नेपथ्य’ या शब्दातला ‘थ्य’ कुठल्याच लिपीतला राहिला नव्हता. चित्र मोठं करणाऱ्या एआय सॉफ्टवेअरला अक्षर कळलं नाही, म्हणून त्याने स्वतःच्या मनाने रेषा काढल्या. आणि बातम्यांचे सेकंद कापून टाकलेले!

परत गेले. म्हटलं, अपस्केल म्हणजे चित्र मोठं करणं राहू दे, कॅसेटवरून उतरवलेली मूळ फाइल द्या. ‘‘मॅडम, ती कशाला ठेवायची? जागा खाते. डिलीट केली.’’ मला तिथे रडू यायचं बाकी होतं. पैसे परत मिळाले नाहीत, पण कॅसेट धडधाकट परत आली हे नशीब.

चूक कुठे झाली ते मग शोधून काढलं. आपलं दूरदर्शन तेव्हा पाल नावाच्या प्रक्षेपण पद्धतीचं होतं: सेकंदाला 25 चित्रं, पण प्रत्येक चित्र दोन हप्त्यांत येतं, आधी एकाआड एक 288 ओळी, मग मधल्या उरलेल्या 288. म्हणजे हालचालीचे सेकंदाला 50 टप्पे. यातला एक हप्ता सरळ फेकून दिला की निम्मी हालचाल आणि निम्म्या ओळी गेल्या. उरलेल्यावरून 4के करायचं म्हणजे बाकीचं चित्र कल्पनेनेच भरायचं. माझ्या फाइलवर नेमकं हेच झालं होतं. म्हणून काम देण्याआधी दोनच गोष्टी कबूल करून घ्या: कच्ची फाइल मिळेल, आणि डीइंटरलेस करून, म्हणजे प्रत्येक हप्त्याचं पूर्ण चित्र बनवून, सेकंदाला 50 फ्रेम ठेवाल.

दुसऱ्या खेपेला मीच केलं. मामाकडचा व्हीसीआर, व्हीसीआरचं चित्र संगणकात उतरवणारं एक कॅप्चर डिव्हाइस, आणि काहीच तपशील न गाळणारी लॉसलेस फाइल. तासाला साधारण 30 जीबी लागतात, तेवढी हार्ड डिस्क आधी रिकामी करा. डीइंटरलेसला क्यूटीजीएमसी ही फुकट स्क्रिप्ट वापरली. अपस्केल सगळ्यात शेवटी, तेही 1440 बाय 1080 पिक्सेलपर्यंतच, आणि श्रेयनामावलीला एआय लावलंच नाही.

हे खरं तर आधी सांगायला हवं होतं: कॅसेटच्या खिडकीतून रिळाच्या कडेला पांढरट डाग दिसले तर ती बुरशी. तशी कॅसेट चांगल्या व्हीसीआरमध्ये घालू नका, टेप वाचणाऱ्या हेडला लागते आणि पुढच्या कॅसेटलाही. आधी साफ करून घ्या. आणि उशीर करू नका. व्हीसीआर बनवणारी शेवटची कंपनी, जपानची फुनाई, हिनेही 2016 मध्ये ते बनवणं बंद केलं, आता आहेत ती जुनीच यंत्रं. चित्र थरथरत असेल तर व्हीसीआर आणि कॅप्चर डिव्हाइसच्या मध्ये जुना डीव्हीडी रेकॉर्डर जोडून बघा, काही मॉडेलांनी चित्र स्थिर होतं.

रविवारी सगळे बसून बघितलं. काठाची वीण थोडी धूसर आहे, पण वीण आहे. ‘नेपथ्य’ नीट वाचता येतं. शेवटी बातम्या सुरू झाल्या तसे बाबा खुर्चीतून उठायला लागले.