ज्युनियर मेहमूदला बिचारा म्हणू नका भो

आमच्या भुसावळात रेल्वेवाल्याच्या पोराला सिनेमात काम मिळालं असं कोणी सांगितलं तर आधी सगळे हसतील आणि मग विचारतील, पैसे किती देता? नईम सय्यद, म्हणजे सिनेमातला ज्युनियर मेहमूद, पण रेल्वेवाल्याचाच पोरगा, फक्त मुंबईचा. मोठा भाऊ शूटिंगवर फोटो काढायचा आणि हा त्याच्या मागे मागे. एकदा सेटवर एका पोराला डायलॉग जमेचना, टेकवर टेक, तर हा बाजूला उभा राहून बोलला की एवढं पण येत नाही का, डायरेक्टर म्हणाला मग तूच करून दाखव, आणि यानं दाखवलं. हा किस्सा ते स्वतः मुलाखतीत सांगायचे, थोडा मीठमसाला लागला असेल, पण पोरगा आगाऊ होता हे नक्की 😄

पुढे कॉमेडियन मेहमूदशी ओळख झाली. मेहमूदच्या मुलीच्या वाढदिवसाला यानं 'गुमनाम'मधला मेहमूदचाच लुंगीवाला डान्स सगळ्यांसमोर असा काही केला की मेहमूदनं त्याला गंडा बांधून शिष्य केलं आणि आपलंच नाव दिलं. तोच डान्स १९६८ च्या 'ब्रह्मचारी'त आला. यूट्यूबवर बघा कधीतरी, कंबर हलते ती सोडा, चेहरा बघा. दहा-अकरा वर्षांचं पोरगं, पण भुवई कधी उचलायची आणि कुठं थांबायचं ते त्याला बरोब्बर कळतं. टायमिंग शिकवून येत नाही भो. मग 'दो रास्ते', 'हाथी मेरे साथी', 'कारवाँ', लाईनच लागली.

त्याच 'ब्रह्मचारी'त अजून एक पोरगा होता, आपला सचिन पिळगावकर. तो १९७५ ला 'गीत गाता चल'चा हिरो झाला, मग मराठीत डायरेक्टर झाला, 'बनवाबनवी' तर आपल्याकडे लहान पोरांनाही पाठ. ज्युनियर मेहमूदची मात्र उंची वाढली, आवाज फुटला, मिशी आली आणि ते गोंडस लाडकं पोरगं संपलं. हिरोचा चेहरा नव्हता आणि लोकांना तर तोच लुंगीतला पोऱ्या पाहिजे होता.

८ डिसेंबर २०२३ ला ते गेले, पोटाचा कॅन्सर, वय ६७. तेव्हा आमच्याकडे भरिताचा सीझन, शेतात वांगी भाजायला टाकलेली, तुरीच्या काड्यांचा धूर डोळ्यात, आणि मामा मोबाईलवर बातमी वाचत होते. शेवटच्या दिवसात त्यांना जितेंद्र आणि सचिनला भेटायचं होतं आणि दोघं घरी येऊन भेटून गेले, तो व्हिडिओ सगळ्या ग्रुपवर फिरत होता. मामा अमळनेरचे, ते लगेच म्हणाले, "त्या बिचारानं पुढे काहीच नही व्हयनं."

मला हेच पटत नाही. काहीच नाही म्हणजे काय? मोठेपणी छोटे रोल केले, मराठी सिनेमे काढले, स्टेज शो केले, टीव्हीवर 'तेनाली रामा'पर्यंत काम केलं. पन्नास वर्षांच्या वर माणूस याच धंद्यात पोट भरतोय आणि आपण हिरो झाला नाही म्हणून बिचारा म्हणतो. बिचारी म्हणायचंच तर बेबी नाझला म्हणा, 'बूट पॉलिश'मधली, १९५५ ला कान फेस्टिव्हलमध्ये जिचं कौतुक झालं, मोठेपणी तीच श्रीदेवीच्या हिंदी सिनेमांना आवाज देत होती. पडद्यावर श्रीदेवी, आवाज हिचा. खरं तर तिलाही बिचारी म्हणायचं कारण काम नाही, कारण घर आहे. पोरगी कमावते म्हटल्यावर घरच्यांनी तिला कामालाच जुंपलं होतं.

आता यासाठी नियम आहेत बरं का, २०१७ पासून. लहान पोराला दिवसाला पाच तासांच्या वर काम नाही, ब्रेक न देता तीन तासांच्या वर नाही, सलग २७ दिवसांच्या वर नाही, कलेक्टरची परवानगी पाहिजे, आणि त्याच्या कमाईतले निदान २० टक्के त्याच्या नावानं बँकेत एफडी. नियम छान आहे. पण आमच्याकडे अहिराणी गाण्यांचे आणि कॉमेडीचे व्हिडिओ धडाधड निघतात, लाखांनी व्ह्यूज, त्यात पोरं असतातच, आणि कपाशीच्या वावरात शूटिंग करायला कोणी कलेक्टर ऑफिसात गेल्याचं मी तरी ऐकलं नाही.

आमच्या ओळखीतला एक पोऱ्या आहे असाच, चौथीत. आजीचा रोल करतो, डोक्यावर पदर घेऊन, सुनेला शिव्या देतो, हसून पोट दुखतं. दिवाळीत त्याचे पप्पा भेटले तर मी विचारलं, "पोराच्या नावानं एफडी वगैरे केली की नाही?"

तर म्हणे, "केली ना भो, त्याच्यासाठीच तर ड्रोन घेतला."