चित्र झाकून वाचलेला शब्द

विदर्भातल्या शाळा उन्हामुळे उर्वरित महाराष्ट्रापेक्षा थोड्या उशिरा, जूनच्या अखेरीस उघडतात. यंदा शाळा उघडली त्याच आठवड्यात दुसरीच्या मुलांना कितपत वाचता येते ते पाहावे म्हणून मी सतरंजीवर चित्रशब्दकार्डे पसरली. दर्यापूर तालुक्यातली आमची शाळा दोन शिक्षकांची आहे आणि पहिली-दुसरी माझ्याकडे एकत्र बसतात. एका मुलीने बैलाचे चित्र असलेले कार्ड उचलले आणि ठामपणे ‘गोऱ्हा’ असे वाचले. पुढचे कार्ड विहिरीचे होते. ते तिने ‘इहीर’ असे वाचले. मी वहीत दोन्ही शब्दांपुढे चुकीची खूण केली आणि पुढच्या मुलाकडे वळले.

संध्याकाळी वही चाळताना त्या दोन खुणांनी मला अस्वस्थ केले. ‘बैल’ या शब्दात ‘गोऱ्हा’ म्हणता येईल असे एकही अक्षर नाही, म्हणजे तिने अक्षरांकडे पाहिलेच नव्हते, चित्राला नाव दिले होते. ‘विहीर’ची गोष्ट वेगळी असू शकत होती. आमच्या वऱ्हाडीत शब्दाच्या आरंभीचा ‘वि’ तोंडात ‘इ’ होतो. विस्तवाचा ‘इस्तो’ होतो आणि विसाचे ‘ईस’ होतात. तिने अक्षरे ओळखली असतील, ती जोडली असतील आणि त्यातून जो शब्द हाती लागला तो घरच्या उच्चारात सांगितला असेल, तर ते पूर्ण आणि अचूक वाचन होते. दुसऱ्या दिवशी मी चित्राचा भाग हाताने झाकून तेच कार्ड तिच्यापुढे धरले. तिने ‘वि’वर बोट ठेवले, ‘ही’वर नेले, ‘र’ म्हटले, क्षणभर थांबली आणि म्हणाली, “इहीर हाये मॅडम.” ‘बैल’ मात्र चित्र झाकल्यावर तिला वाचता आला नाही. इतकी वर्षे शिकवूनही अंदाज आणि वाचन यांना मी एकाच खुणेने मोजत आले होते, याची मला मनापासून खंत वाटली.

शब्द ओळखणे म्हणजे काय, याविषयी शिक्षकांमध्ये दोन टोकांच्या समजुती दिसतात. एक अशी की शब्द हे एक चित्र आहे आणि ते पुन्हा पुन्हा दाखवले की मुलाच्या डोळ्यांत ठसते. दुसरी अशी की बाराखडी पाठ झाली की वाचन आपोआप येते. या दोन्ही समजुतींवर मी आयुष्यातली बरीच वर्षे घालवली आहेत.

पहिली समजूत मराठीच्या बाबतीत तर फारच लवकर कोलमडते, कारण आपला शब्द एका रूपात स्थिर राहतच नाही. मुलाने ‘विहीर’ हा शब्द चित्रासारखा लक्षात ठेवला, तरी पहिल्याच गोष्टीत त्याला ‘विहिरीत’, ‘विहिरीवर’, ‘विहिरीतल्या’ अशी रूपे भेटतात, आणि त्यात दीर्घ ‘ही’चा ऱ्हस्व ‘हि’ झालेला असतो. ‘कापूस’ पाठ करून ठेवावा तर पुस्तकात ‘कापसाचा’ येतो आणि ‘पू’चा उकारच नाहीसा होतो. ‘डोळा’ ओळखीचा झाला तर वाक्यात ‘डोळ्यात’ उभा असतो. ज्याला अक्षरागणिक शब्द उलगडता येतो, त्याला ही सगळी रूपे एकाच कुटुंबातली वाटतात. ज्याने आकार पाठ केला आहे, त्याच्यासाठी प्रत्येक रूप परके असते. वाचनाचा अभ्यास करणाऱ्या लिनिया एरी यांनी अनेक वर्षांच्या संशोधनातून दाखवले आहे की झटकन ओळखता येणारा शब्दसुद्धा स्मरणात चिकटतो तो त्यातली अक्षरे आणि त्यातले ध्वनी यांच्या जोडणीने. नजरेला शब्द एका क्षणात कळतो, पण त्या क्षणामागे ही जोडणी आधी अनेकदा झालेली असते.

बाराखडीचे दुखणे निराळे आहे. आमची मुले ‘क का कि की’ सुरात म्हणतात, ते ऐकायला गोड वाटते आणि पालकही समाधानी होतात. पण फळ्यावर नुसता ‘कु’ लिहून विचारले, तर मूल मनातल्या मनात ‘क’पासून सुरुवात करते आणि पाचव्या पायरीवर येऊन उत्तर देते. शब्दात चार अक्षरे असतील तर चार वेळा असा जिना चढावा लागतो, आणि शेवटच्या अक्षरापर्यंत पोचेतो पहिले अक्षर विसरलेले असते. शिवाय ३४ व्यंजनांच्या बाराखड्या धरल्या तर ४०८ आकार होतात, आणि जोडाक्षरे अजून पुढेच असतात. इतका मोठा संच एका वर्षात पक्का होईल ही अपेक्षाच अवाजवी आहे. सोनाली नाग यांनी कन्नड शिकणाऱ्या मुलांवर केलेल्या आणि २००७ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासातही दिसले की अशा लिपीत अक्षरसंच आत्मसात व्हायला काही इयत्ता जातात. कन्नड लिपीची रचना आपल्या देवनागरीसारखीच असल्याने मला ते वाचून मोठा दिलासा मिळाला होता.

म्हणून मी आता क्रम बदलला आहे. पहिलीच्या मुलांना मी आरंभी ‘व’ आणि ‘र’ ही दोनच अक्षरे देते आणि तिसरी वस्तू म्हणून काना देते. एवढ्या सामग्रीत ‘वर’, ‘वार’, ‘वारा’, ‘रवा’ आणि ‘वावर’ हे पाच शब्द तयार होतात. आमच्या कास्तकारांच्या मुलांसाठी ‘वावर’, म्हणजे शेत, हा शब्द घराचाच एक भाग आहे, आणि शाळेच्या दुसऱ्या आठवड्यात तो फळ्यावर स्वतः वाचता आला की मुलाच्या चेहऱ्यावर जे उमटते, त्यासाठी मी हा पेशा स्वीकारला असे मला दरवर्षी वाटते. पुढे ‘म’ आला की ‘मार’, ‘राम’, ‘मामा’ येतात. ‘न’ आला की ‘रान’, ‘नाव’, ‘मान’, ‘नवरा’, ‘वानर’ येतात. ज्यांच्या आकारात गोंधळ होतो अशी अक्षरे, म्हणजे ‘घ’ आणि ‘ध’, ‘भ’ आणि ‘म’, ‘य’ आणि ‘थ’, मी एका आठवड्यात कधीही देत नाही. एक पक्के होऊन दोन-तीन आठवडे गेल्यावरच दुसरे येते.

खरी अडचण जोडण्यात असते, आणि तिच्याकडे आपले लक्ष फार कमी जाते. मूल ‘व’ म्हणते, ‘र’ म्हणते, आणि दोन्ही स्वर पूर्ण उच्चारते, त्यामुळे त्याच्या कानावर ‘वअ-रअ’ असे काहीतरी पडते. असा शब्द त्याने कधी ऐकलेला नसतो. आपण मोठी माणसे शेवटचा ‘अ’ गिळतो आणि ‘वर्’ म्हणतो, पण लिहिताना तो गिळलेला दाखवत नाही. मधला ‘अ’सुद्धा असाच नाहीसा होतो: ‘नवरा’ लिहितो आणि ‘नव्रा’ म्हणतो. ‘गवत’ म्हणताना ‘व’मधला ‘अ’ ऐकू येतो, पण ‘गवताला’ म्हणताना तोच ‘गव्ताला’ असा लोपतो. याचे नियम सहा वर्षांच्या मुलाला समजावता येत नाहीत आणि समजावण्याची गरजही नसते, कारण बोलताना ते नियम ते आधीपासून पाळतच असते. मी फक्त एवढेच सांगते, “हळू वाचलंस, आता आपण घरी म्हणतो तसं म्हण.” मग मूल स्वतःच्या बोलीतला शब्द शोधते, आणि तो सापडला की उच्चार आपोआप नीट बसतो. ‘चार’ आणि ‘चारा’ यांतल्या दोन वेगळ्या ‘च’चेही असेच आहे. लिपी त्यांना एकच आकार देते. ढोरांना रोज चारा टाकणाऱ्या मुलाला त्यातला फरक सांगावा लागत नाही. वाचनाचे अभ्यासक डेव्हिड शेअर यांनी १९९५ साली मांडलेले सूत्र हेच सांगते की अक्षरांवरून शब्द स्वतः उलगडण्याच्या प्रत्येक यशस्वी प्रयत्नात मूल त्या शब्दाचे लेखन स्वतःला शिकवत असते. आपण घाईने शब्द सांगून टाकला, तर ती संधी हिरावून घेतो.

मूल स्वतःच्या बोलीतला शब्द शोधते, हे एकदा मान्य केले की ‘इहीर’ला चूक म्हणण्याचा अधिकार आपल्याला राहत नाही. आमच्या भागात ‘ळ’चा ‘य’ होतो आणि ‘ण’चा ‘न’ होतो. डोळ्याला डोया, केळीला केयी, पाण्याला पानी आणि लोण्याला लोनी म्हणतात. मुलाने ‘डोळा’ पाहून ‘डोया’ म्हटले, तर मी चित्र झाकते आणि शेजारी ‘गोळा’ व ‘डोसा’ लिहून पुन्हा विचारते. तिन्ही शब्द वेगळे ओळखले गेले, तर ‘डोया’ हे बरोबर वाचन आहे असे मी वहीत नोंदवते. त्यानंतर मी शब्द स्वतः एकदा पुस्तकी उच्चारात वाचून दाखवते, आणि मुलांना विचारते की पुस्तकात कोणते अक्षर आहे आणि आपल्या तोंडात कोणते येते. काही दिवसांत मुले अशा जोड्या स्वतः गोळा करू लागतात: काळा आणि काया, मळा आणि मया, शाळा आणि शाया. उच्चार वारंवार दुरुस्त करण्याचे परिणामही मी पाहिले आहेत. काही वर्षांपूर्वी प्रत्येक ‘य’ला मी इतके टोकत असे की एका मुलाने निबंधात ‘गाय’ऐवजी ‘गाळ’ लिहिली. ‘य’ म्हटला की मॅडम रागावतात, एवढेच त्याला माझ्याकडून शिकायला मिळाले होते. त्याच्या वहीतले ते पान अजून माझ्या डोळ्यांपुढे आहे.

मेळघाटात नोकरीला असताना याच प्रश्नाची दुसरी बाजू दिसली. तिथली कोरकू मुले अक्षरे जोडून शब्द स्वच्छ उच्चारत, पण तो उच्चार त्यांच्या मनातल्या कोणत्याच शब्दाशी जाऊन मिळत नसे, कारण कोरकू भाषेचे कुळच वेगळे आहे. फिलिप गफ आणि विल्यम टनमर या संशोधकांनी १९८६ साली वाचनाला अक्षरउलगड आणि भाषेची समज यांचा गुणाकार म्हटले होते. दोहोंपैकी एक शून्य असेल तर उत्तर शून्यच येते. तिथे मला कार्डे बाजूला ठेवून आधी वस्तू हातात देऊन महिनोन्‌महिने बोलावे लागले. त्या तुलनेत वऱ्हाडी घरातले मूल फार श्रीमंत असते. त्याच्याकडे शब्द आहेत, फक्त ते थोड्या वेगळ्या उच्चारात आहेत.

लिपीतल्या काही खाचाखोचांसाठी मात्र थेट शिकवण्याला पर्याय नाही. ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या डावीकडे लिहितात आणि उच्चार व्यंजनानंतर होतो, त्यामुळे डावीकडून उजवीकडे बोट सरकवणारे मूल ‘कि’पाशी अडखळते. रफार तर पुढच्या अक्षराच्या डोक्यावर बसतो आणि उच्चारला जातो त्याच्या आधी. आमच्या गावात येणाऱ्या एसटीच्या पाटीवर ‘दर्यापूर’ लिहिलेले असते आणि ती पाटी मुले पहिलीपासून ‘वाचतात’, कारण ती गाडी कुठे जाते हे त्यांना ठाऊक असते. फळ्यावर तोच शब्द लिहिला की ‘दयापूर’ असे उत्तर येते. मग मी ‘दर्या’ आणि ‘दऱ्या’ शेजारी लिहिते, दोन्ही मोठ्याने वाचते, समुद्र आणि डोंगरातल्या दऱ्या यांतला फरक सांगते, आणि दोन वेगळे ‘र’ दाखवते. आमच्या ‘पऱ्हाटी’तला, म्हणजे कपाशीच्या झाडाच्या नावातला, ‘ऱ्ह’ याच वेळी शिकवून होतो. मोबाइलवरच्या अक्षरांविषयीही एक तक्रार नोंदवावीशी वाटते. अनेक फोनवर हिंदी वळणाचे ‘ल’ आणि ‘श’ दिसतात, पुस्तकात मराठी वळणाचे असतात, आणि नवशिक्या वाचकाला ती चार वेगळी अक्षरे वाटतात. पालकांनी पाठवलेल्या अभ्यासाच्या चित्रफितींमुळे हा गोंधळ वाढला आहे, म्हणून मी दोन्ही वळणे भिंतीवर शेजारी लावली आहेत.

केंद्र सरकारच्या निपुण भारत अभियानात दुसरीसाठी मिनिटाला ४५ ते ६० शब्द वाचण्याचे लक्ष्य ठेवले आहे. लक्ष्य असण्याला माझा विरोध नाही, पण मिनिटे मोजायला लागलेल्या शिक्षकाचे मूल अंदाजाने पळू लागते हे मी वर्गात पाहिले आहे, आणि ‘विहिरीतल्या’ हा आमचा एक शब्द मोजणीत एकच धरला जातो याचाही विचार व्हायला हवा. वेग सरावाने येतो आणि सराव नेमका दिवाळीच्या सुमारास तुटतो, कारण कापूस वेचणीच्या दिवसांत घरातली सगळी माणसे वावरात असतात आणि लहान भावंडे सांभाळायला मुलांना सोबत नेतात. त्यांना दोष देऊन उपयोग नाही. या दिवसांसाठी मी जुन्या लग्नपत्रिकांच्या कोऱ्या बाजूवर प्रत्येक मुलासाठी वीस शब्दपट्ट्या लिहून देते. चित्र कधीच पुढच्या बाजूला नसते. ते मागे असते, आधी वाचायचे आणि मग उलटून पडताळायचे. पडताळायला घरात वाचता येणारे माणूस लागत नाही, हा त्याचा मोठा फायदा आहे.

सध्या माझ्यापुढे ‘डोळ्यात’ आणि ‘पाण्यात’ हे शब्द आहेत. जूनमधली ती मुलगी ‘बैल’ आता चित्राशिवाय वाचते, ‘बैलाला’ वाचते, ‘विहिरीवर’ही वाचते, पण ‘ळ्या’ आणि ‘ण्या’ आले की पुन्हा चित्राकडे नजर टाकते. घरी ती ‘पान्यात’ म्हणते, तेव्हा जोडाक्षर तिच्या तोंडात आहेच. गेल्या सोमवारपासून मी तिला ‘पानी, पान्यात’ हे तिच्या उच्चारातच सावकाश म्हणायला लावते, मधला अर्धा ‘न’ कुठे येतो ते टाळी वाजवून दाखवायला सांगते, आणि मग त्या टाळीच्या जागी फळ्यावर अर्धा ‘ण’ लिहिते. काल पाचपैकी तीन शब्द तिने चित्राशिवाय वाचले.