तुम्ही विचारलंत म्हणून: हुकूमशहा फ्रँको गेल्यावर स्पेनचा सिनेमा

फिल्म सोसायटीत स्पॅनिश सिनेमा दाखवला की नंतर चहा घेताना कुणीतरी हमखास विचारतं, "खरे चांगले सिनेमे फ्रँकोच्या काळातच निघाले ना? सेन्सॉर गेला आणि धारही गेली." मला हे दर वेळी लागतं.

असं का वाटतं ते कळतं. व्हिक्तोर एरिसेचा 'द स्पिरिट ऑफ द बीहाइव्ह' १९७३चा. फ्रँकोला सत्तेवर आणणारं यादवी युद्ध नुकतंच संपलंय. माळावरच्या पडक्या घरात लपलेल्या सैनिकाला एक चिमुरडी सफरचंद देते. तो कोण, कुठल्या बाजूचा, कुणीच बोलत नाही. रात्री अंधारात फक्त गोळ्यांचे आवाज येतात.

पण याचं श्रेय एरिसेचं. सेन्सॉरचं कर्तृत्व बघायचं तर 'मोगॅम्बो' या हॉलिवूडपटाचं स्पॅनिश डबिंग घ्या: विवाहबाह्य प्रेम झाकायला नवरा-बायकोला चक्क भाऊ-बहीण केलं! दिग्दर्शक बुन्युएलच्या 'विरिदियाना'ला १९६१मध्ये कान चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला, आणि स्पेनमध्ये तो लागला १९७७मध्ये.

फ्रँको २० नोव्हेंबर १९७५ला वारला. दोन वर्षांनी सेन्सॉरशिप रद्द झाली. कागदावर.

कारण १९७९मध्ये दिग्दर्शिका पिलार मिरोने 'एल क्रिमेन दे क्वेंका' केला. घटना खरी, विसाव्या शतकाच्या सुरुवातीची. एक मेंढपाळ बेपत्ता होतो, सिव्हिल गार्ड (स्पेनचं निमलष्करी पोलीस दल) दोन निरपराध माणसांचा छळ करून खुनाची कबुली घेतात, दोघं शिक्षा भोगतात, आणि १९२६मध्ये तो 'मेलेला' मेंढपाळ जिवंत सापडतो. कोठडीतल्या छळाची दृश्यं मला आजही सलग बघवत नाहीत. सरकारने प्रदर्शन अडवलं आणि मिरोबाईंवर लष्करी न्यायालयात कारवाई सुरू झाली. लोकशाही आलेली असताना! सिनेमा १९८१मध्ये सुटला आणि लोकांनी थिएटरं भरली. पुढच्याच वर्षी समाजवादी सरकारने याच बाईंना देशाच्या चित्रपट खात्याचं प्रमुख केलं.

दिग्दर्शक आल्मोदोवारचा मोकळा, रंगीबेरंगी माद्रिद सगळ्यांना ठाऊक असतो, त्यावर वेगळं काय सांगू? मला दिग्दर्शक बेर्लांगाबद्दल सांगायचंय. त्याच यादवी युद्धावरच्या 'ला वाकिया'ची पटकथा त्याच्याकडे पन्नासच्या दशकापासून पडून होती. सिनेमा आला १९८५मध्ये. शत्रूच्या गावात जत्रेसाठी आणलेली कालवड पळवायला काही सैनिक चोरून जातात. शेवटी ती दोन्ही सैन्यांच्या मधल्या मोकळ्या रानात मरून पडते, आणि गिधाडं उतरतात.

हा शेवट पडद्यावर यायला बेर्लांगाला साठी गाठावी लागली.