अण्णांचा खटला दुसऱ्या कोर्टात वर्ग करून घेताना

बांधावरच्या भांडणात भावकीतल्या तिघांनी माझ्या वडिलांचा, अण्णांचा, हात मोडला. पोलिसांनी भारतीय दंड विधानाच्या कलम 325 (गंभीर दुखापत) आणि 34 (सगळ्यांचा समान इरादा) खाली दोषारोपपत्र दाखल केलं आणि खटला तालुक्याच्या प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे लागला. अण्णांची सरतपासणी, म्हणजे सरकारी वकिलांनी घेतलेली साक्ष, झाली. आरोपींच्या वकिलांचा उलटतपास निम्म्यावर असताना न्यायाधीश भर कोर्टात म्हणाले, "हा जमिनीचा वाद आहे. खोट्या केसेस करून तुम्ही लोक कोर्टाचा वेळ घालवता." तेव्हा डॉक्टरांची साक्ष व्हायची होती, एक्स-रे कोर्टापुढे आलेलाही नव्हता. अण्णा काही सांगायला गेले तर त्यांना गप्प बसवलं. बाहेर आल्यावर ते एवढंच म्हणाले, "पोरी, यांचं ठरलंय. आता मी पुन्हा त्या पिंजऱ्यात उभा राहून काय करू?"

खटला दुसऱ्या कोर्टात वर्ग करून मागता येतो हे गावात कुणाला माहीत नव्हतं. ज्यांनी काही ऐकलं होतं त्यांना वाटायचं, असं फक्त सर्वोच्च न्यायालयच करतं. 2004 साली बिल्किस बानो खटला गुजरातहून मुंबईला आणला तसं. तो अधिकार खरोखरच सर्वोच्च न्यायालयाचा आहे, पण राज्याबाहेर नेण्यासाठी. जिल्ह्यातल्या जिल्ह्यात एका कोर्टातून दुसऱ्या कोर्टात न्यायचं असेल तर सत्र न्यायाधीशांकडे अर्ज करायचा असतो. आमच्या वेळी त्याला फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 408 लागत होतं. 1 जुलै 2024 पासून तिच्या जागी आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत तेच 448 झालं आहे. सत्र न्यायाधीशांनी नकार दिला तरच पुढे उच्च न्यायालय. थेट तिकडे जाता येत नाही.

तालुक्यातला एकही वकील अर्जावर सही करायला तयार होईना. मी त्यांना दोष देत नाही. त्यांना रोज त्याच न्यायाधीशांपुढे उभं राहायचं असतं. शिवाय न्यायाधीशांवर बिनबुडाचे आरोप करणाऱ्या अर्जावर सही केली तर वकीलही न्यायालयाच्या अवमानाच्या कचाट्यात सापडतो. तेव्हाच्या नागपूर उच्च न्यायालयातल्या अशाच एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 1954 साली ते स्पष्ट केलेलं आहे.

शेवटी जिल्ह्याच्या ठिकाणी एक वकील मॅडम भेटल्या. मी लिहून नेलेली पानं त्यांनी शांतपणे वाचली आणि निम्म्याहून जास्त मजकूर लाल पेनाने खोडला. आरोपींच्या घरच्या लग्नाला साहेब जेवायला होते, असं लोक म्हणतात: खोडलं. आरोपी पारावर बसून "साहेब आपलेच आहेत" म्हणतात: तेही खोडलं. मी चिडले. तेव्हा त्या म्हणाल्या, "ताई, आरोपी बढाया मारतो, त्याला न्यायाधीश काय करणार? त्यांना त्याचा पत्ताही नसेल. तुम्ही डोळ्यांनी पाहिलं, कानांनी ऐकलं, तेवढंच सांगा." आमचा तहकुबीचा अर्ज फेटाळला होता, तोही त्यांनी घेतला नाही. विरुद्ध गेलेला आदेश म्हणजे पक्षपात नव्हे, त्यासाठी वरच्या कोर्टाची वाट वेगळी आहे. त्यांनी मेनका गांधींच्या प्रकरणाचा 1978 सालचा निकाल समजावून सांगितला. मुंबईतला बदनामीचा खटला दिल्लीला न्यावा ही त्यांची मागणी सर्वोच्च न्यायालयाने नाकारली होती. निःपक्ष सुनावणीची हमी सगळ्यात आधी येते, पण पक्षकाराचा हळवेपणा किंवा सोय एवढ्यावर खटला हलत नाही. भीती अशी हवी की तिऱ्हाईत शहाण्या माणसालाही ती पटावी. पक्षपात झालाच हे मात्र सिद्ध करावं लागत नाही. हा फरक कळल्यावर माझा राग निवळला आणि अर्ज नेमका झाला.

अडचण पुराव्याची होती. नक्कल विभागातून त्या दिवसाचा रोजनामा, म्हणजे कोर्टाच्या कामाची नोंद, आणि अण्णांच्या जबानीची प्रमाणित प्रत काढली. रोजनाम्यात फक्त "उलटतपास अपूर्ण, पुढील तारीख". त्या वाक्याचा मागमूस नाही. मग आपापल्या तारखेला येऊन मागच्या बाकांवर बसलेली माणसं शोधली. एका गृहस्थांनी सगळं ऐकलं होतं, पण त्यांचा स्वतःचा खटला त्याच कोर्टात होता. त्यांनी हात जोडले. पोटगीच्या केसमध्ये मुलीसोबत आलेल्या एक मावशी मात्र म्हणाल्या, "जे ऐकलं ते लिहा, मी सही करते." त्यांचं प्रतिज्ञापत्र, माझं आणि अण्णांचं, तिन्ही अर्जाला जोडली.

अर्ज केल्याने खालचं काम आपोआप थांबत नाही. स्थगितीचा अर्ज वेगळा द्यावा लागला आणि तो मंजूर झाला म्हणून बरं, नाहीतर पुढच्या तारखेला उलटतपास तिथेच संपला असता. सरकारी वकिलांनी आपल्या म्हणण्यात "योग्य तो आदेश व्हावा" एवढंच लिहिलं. खटला सरकारचा, हात अण्णांचा मोडलेला, आणि बाजू अशी! ते मला अजूनही खटकतं. आरोपींच्या वकिलांनी अर्ज खोडसाळ आहे, दंड करा, असा जोर लावला. अर्ज बिनबुडाचा ठरला तर विरुद्ध पक्षाला द्यायची भरपाई तेव्हा सत्र न्यायालयात 250 रुपयांपर्यंत होती. नव्या कायद्यात ती 10,000 रुपयांपर्यंत जाऊ शकते.

सत्र न्यायाधीशांनी खालच्या न्यायाधीशांचा अभिप्राय मागवला. आपण तसं बोललो नाही, मात्र खटला वर्ग करायला हरकत नाही, असं त्यांनी कळवलं. आदेशात त्यांच्यावर कसलाही ठपका नाही. साक्षीदाराच्या मनातली भीती निराधार म्हणता येत नाही, म्हणून खटला शेजारच्या तालुक्यातल्या कोर्टात वर्ग करावा, असं म्हटलं आहे. मला ते पुरेसं होतं. आम्हाला कुणाची नोकरी घालवायची नव्हती.

अण्णांना एकच धास्ती होती, सगळी साक्ष पुन्हा द्यावी लागेल. तसं झालं नाही. आधीच्या न्यायाधीशांनी नोंदवलेल्या पुराव्यावरून नव्या न्यायाधीशांना पुढे जाता येतं. तशी तरतूद जुन्या कलम 326 मध्ये होती आणि नव्या कायद्यातही आहे. उलटतपास जिथे थांबला होता तिथून सुरू झाला. प्रश्न तितकेच बोचरे होते, पण उत्तर पुरं करू दिलं. मधे एकदा अण्णांना नीट ऐकू आलं नाही, तर न्यायाधीशांनी वकिलांना प्रश्न पुन्हा विचारायला लावला. डॉक्टरांची साक्ष झाली, एक्स-रे दाखल झाला. आता तपासी अंमलदारांची साक्ष बाकी आहे. त्यांची बदली झाल्यामुळे समन्स दुसऱ्या जिल्ह्यात गेलं आहे.